विश्लेषण : शिकागोचा ब्लूज पियानो मुंबईच्या ‘ताज’मध्ये कसा पोहोचला? टेडी वेदरफोर्ड यांचा अल्बम का राहून गेला?

मुंबईत अपोलो बंदरावर ताजमहाल हॉटेल सुरू झाले ते डिसेंबर १९०३ मध्ये. त्याच्या दोनच महिने आधी, ११ ऑक्टोबर १९०३ रोजी, अमेरिकेतील व्हर्जिनिया राज्यात पोकाहोंटस या कोळसाखाणींच्या गावी एक कृष्णवर्णीय मुलगा जन्माला आला. टेडी वेदरफोर्ड हे त्याचे नाव. पुढे लुई आर्मस्ट्राँग यांच्यासोबत तो वाजवणार होता, अर्ल हाइन्ससारखा पियानोवादक त्याचे वादन ऐकून प्रभावित होणार होता आणि ‘ताज’च्या नृत्यदालनात मुंबईकरांना तो अस्सल अमेरिकी पियानो ऐकवणार होता. वयाच्या अवघ्या ४१ व्या वर्षी, २५ एप्रिल १९४५ रोजी, कलकत्त्यात कॉलऱ्याने त्यांचा मृत्यू झाला. मागे राहिल्या काही तबकड्या. ज्याला ब्लूज पियानोचा अभिजात अल्बम म्हणावे, असे काही मात्र राहिले नाही. असे का झाले आणि तरीही मुंबईच्या संगीतात त्यांचे स्थान काय, याविषयी...

ब्लूज म्हणजे नेमके काय?

अमेरिकेत १८६५ मध्ये गुलामगिरी कायद्याने संपली. पण दक्षिणेकडील कापसाच्या शेतांवर राबणारे कृष्णवर्णीय त्यानंतरही कर्जात अडकलेलेच राहिले. जमीन मालकाची, बियाणे मालकाचे, हिशेबाची वहीही मालकाचीच. वर्षाअखेरीस हाती काही उरत नसे आणि कर्ज पुढच्या वर्षावर जाई. जव्हार, मोखाडा, डहाणू, तलासरी या पट्ट्यातील जुन्या पिढीला ही गोष्ट परकी वाटणार नाही. लग्नासाठी सावकाराकडून थोडे पैसे घेऊन त्याच्या बदल्यात नवरा-बायकोने वर्षानुवर्षे राबायचे, ही ‘लग्नगडी’ पद्धत इथे १९४० च्या दशकापर्यंत होती. तिच्याविरुद्ध आणि वेठबिगारीविरुद्ध २३ मे १९४५ रोजी झरी येथे वारल्यांची ऐतिहासिक सभा झाली. वेदरफोर्ड यांच्या मृत्यूला तेव्हा महिनाही झाला नव्हता.

कापसाच्या शेतातील कामाची गाणी, चर्चमधील आळवणी आणि घरादारातील दुःख यांतून १९ व्या शतकाच्या अखेरीस ब्लूज हा गानप्रकार घडला. त्याचा साचा साधा आहे. बारा मात्रासमूहांचे एक कडवे, त्यात तीन ओळी. पहिली ओळ पुन्हा म्हणायची आणि तिसऱ्या ओळीने तिला उत्तर द्यायचे. साथीला मुख्यतः तीनच स्वरमेळ, आपल्या भाषेत षड्ज, मध्यम आणि पंचम यांवर उभे राहणारे. साचा ठरलेला असल्यामुळे जात्यावरच्या ओवीसारखी त्यात प्रत्येकाला स्वतःची गोष्ट घालता येते.

पियानोवर ब्लूज वाजवणे अवघड का?

ब्लूजचा जीव त्याच्या ‘ब्लू’ स्वरांत असतो. कोमल गंधार आणि शुद्ध गंधार यांच्या मध्ये कुठेतरी हा स्वर घोटाळतो. गायकाला तो गळ्यातून काढता येतो, गिटारवादकाला तार ओढून काढता येतो. पियानोच्या पट्ट्या मात्र ठरलेल्या स्वरांच्या. दोन पट्ट्यांच्या मधला स्वर त्यात नाहीच. हार्मोनियमवर मींड निघत नाही, ही आपल्याकडची तक्रारही याच जातीची. त्या कारणावरून १९४० मध्ये आकाशवाणीने हार्मोनियमवर बंदी घातली आणि ती सुमारे तीन दशके राहिली.

ब्लूज पियानोवादकांनी यावर एक तोडगा काढला. शेजारशेजारच्या दोन पट्ट्या जवळजवळ एकदम दाबायच्या आणि एका पट्टीवरून बोट दुसरीवर घसरू द्यायचे. त्या रगडण्यातून मधल्या स्वराचा भास होतो. डाव्या हाताने खर्जातील लय न थांबता चालू ठेवायची आणि उजव्या हाताने गायचे, अशी ही पद्धत. लाकूडतोड्यांच्या वस्त्यांत, दारूच्या गुत्त्यांत एकटा पियानोवादक रात्रभर लोकांना नाचवत असे. तिथे ढोल नाही, बासवादक नाही. त्यामुळे डावा हात दणकट असणे ही चैन नव्हती, गरज होती. वेदरफोर्ड यांची ख्याती झाली ती अशाच दणकट वादनासाठी.

वेदरफोर्ड घडले कुठे?

त्यांचे बालपण पोकाहोंटसलगतच्या ब्लूफील्डमध्ये गेले. १९१५ च्या सुमारास ते न्यू ऑर्लिन्सला आले आणि तिथेच पियानो शिकले. जॅझची जन्मभूमी मानले जाणारे हे शहर तेव्हा ऐन भरात होते. वेश्यावस्तीतील दिवाणखाने, नृत्यगृहे, अंत्ययात्रा, मिरवणुका, सगळीकडे वादकांना काम मिळे. १९१७ मध्ये नौदलाच्या दबावाखाली तेथील स्टोरीव्हिल ही वस्ती बंद झाली. दक्षिणेतील लाखो कृष्णवर्णीय त्या काळात कारखान्यांतील कामासाठी उत्तरेकडे निघाले होते. त्यांच्यामागून त्यांचे संगीतही शिकागोला पोहोचले. वेदरफोर्डही १९२० च्या सुमारास त्याच वाटेने गेले.

शिकागोतील व्हेंडोम हे मूकपटांचे चित्रगृह. पडद्यावर चित्र चालू असताना आणि मध्यंतरात तिथे अर्स्किन टेट यांचा वाद्यवृंद वाजवत असे. पियानोवर वेदरफोर्ड बसत. मे १९२६ मध्ये या वाद्यवृंदाने एका तबकडीच्या दोन बाजूंपुरते संगीत ध्वनिमुद्रित केले. त्यात लुई आर्मस्ट्राँगही होते. तेव्हा शिकागोत नव्याने आलेले अर्ल हाइन्स, ज्यांना पुढे आधुनिक जॅझ पियानोचे जनक म्हटले गेले, ते वेदरफोर्ड यांच्या वादनाने प्रभावित झाले होते. म्हणजे वयाच्या २२ व्या वर्षी हा तरुण अमेरिकेतील आघाडीच्या पियानोवादकांत गणला जात होता. आणि त्याच वर्षी त्याने अमेरिका सोडली.

अमेरिका का सोडली?

ढोलवादक जॅक कार्टर यांचा बँड १९२६ मध्ये शांघायला निघाला. त्यात वेदरफोर्ड सामील झाले. शांघाय तेव्हा परदेशी व्यापाऱ्यांचे, बँकांचे आणि नृत्यगृहांचे शहर होते. चांगल्या अमेरिकी वादकाला तिथे पैसाही मिळे आणि मानही. अमेरिकेत कृष्णवर्णीय वादक ज्या हॉटेलात रात्री वाजवायचा, त्याच हॉटेलात त्याला खोली मिळत नसे. पुढच्या दाराने आत जाता येत नसे. आशियात तो बँडचा प्रमुख होता, त्याचे नाव जाहिरातीत असे.

शांघायमध्ये वेदरफोर्ड यांना इतकी मागणी होती की एकाच रात्री ते अनेक क्लबांत फिरून वाजवत. अमेरिकी कवी लँग्स्टन ह्यूज १९३३ मध्ये तिथे गेले, तेव्हा त्यांची वेदरफोर्ड यांच्याशी भेट झाली. १९३४ मध्ये वेदरफोर्ड थोड्या दिवसांसाठी मायदेशी गेले, पण राहायला नव्हे. लॉस एंजेलिसमधून ट्रम्पेटवादक बक क्लेटन आणि त्यांच्या बँडला त्यांनी शांघायच्या कॅनिड्रोम नृत्यगृहासाठी आणले. क्लेटन काही वर्षांत परतले आणि काउंट बेसी यांच्या बँडमधून जगप्रसिद्ध झाले. वेदरफोर्ड मात्र आशियातच राहिले.

मुंबईत ते केव्हा आले?

१९३५ च्या अखेरीस व्हायोलिनवादक लिऑन ॲबी यांचा कृष्णवर्णीय अमेरिकी वादकांचा बँड ‘ताज’मध्ये आला. मुंबईने एवढ्या जवळून असे संगीत त्यापूर्वी ऐकले नव्हते. त्यानंतर आला तो क्रिकेट स्मिथ यांचा बँड. क्रिकेट हे नाव, खेळाशी संबंध नाही. हे ज्येष्ठ ट्रम्पेटवादक पहिल्या महायुद्धानंतर पॅरिसमध्ये गाजले होते. त्यांच्या बँडमध्ये पियानोवर वेदरफोर्ड होते. या बँडने १९३६ मध्ये मुंबईतच रेक्स कंपनीसाठी ‘ताजमहाल’ ही फॉक्सट्रॉट चालीची रचना ध्वनिमुद्रित केली. ती बांधली होती मुंबईतील बगदादी ज्यू समाजातील मेना सायलस यांनी. पुढे १९३७ मध्ये सिलोनमधील मुक्कामात बँडचे नेतृत्व वेदरफोर्ड यांच्याकडे आले.

‘ताज’चा श्रोता म्हणजे इंग्रज अधिकारी, पारशी उद्योगपती, संस्थानिक आणि त्यांचे पाहुणे. गंमत अशी की ज्या अमेरिकेत वेदरफोर्ड यांना दुय्यम वागणूक होती, तिथून सुटून ते आले ते दुसऱ्या एका वंशभेदाच्या राज्यात. मुंबईतील अनेक युरोपीय क्लबांची दारे तेव्हा भारतीयांना बंद होती. परक्या देशातून आलेला कृष्णवर्णीय कलावंत मात्र पियानोमागे बसून गोऱ्यांना नाचवत होता.

अल्बमच्या सर्वात जवळ ते कुठे पोहोचले?

पॅरिसमध्ये. १९३७ मध्ये तेथे आंतरराष्ट्रीय प्रदर्शन भरले होते आणि वेदरफोर्ड तिकडे गेले. त्याच वर्षी फ्रान्समध्ये ह्यूग पानासिए आणि शार्ल दलोने या दोन जॅझवेड्या तरुणांनी ‘स्विंग’ ही कंपनी सुरू केली होती. केवळ जॅझसाठी निघालेल्या जगातील पहिल्या काही ध्वनिमुद्रण कंपन्यांपैकी ती एक. या कंपनीने वेदरफोर्ड यांना स्टुडिओत एकट्याने पियानोसमोर बसवले. बँड नाही, नाचणारे नाहीत, जेवणाच्या ताटांचा आवाज नाही.

त्या वेळचे ध्वनिमुद्रण मेणाच्या तबकडीवर होई. सुई मेणात थेट खाच कोरत जाई. चूक झाली तर ती पुसता येत नसे, तुकडे जोडताही येत नसत. तबकडी बाजूला टाकून पुन्हा पहिल्यापासून वाजवायचे. एका बाजूवर जेमतेम तीन मिनिटे मावत. रात्रभर वाजवणाऱ्या माणसाला सुरुवात, रंग आणि शेवट हे सगळे तीन मिनिटांत बसवावे लागे. या सत्रांत वेदरफोर्ड यांनी ‘टी फॉर टू’सारखी लोकप्रिय गाणी वाजवली आणि ‘वेदर बीटन ब्लूज’ ही रचनाही. वादळवाऱ्याने झोडपलेला, असा त्या शीर्षकाचा अर्थ आणि त्यातच वादकाच्या आडनावावरचा श्लेष. अकरा वर्षे बंदरोबंदरी फिरलेल्या माणसाला तो शोभत होता.

अल्बम हा शब्द तेव्हा शब्दशः खरा होता. फोटोंच्या अल्बमसारख्या जाड पुस्तकात कागदी पाकिटे शिवलेली असत आणि त्यांत सुट्या तबकड्या ठेवलेल्या असत. पॅरिसच्या तबकड्या सुट्याच विकल्या गेल्या. एका बाजूवर वीसेक मिनिटे मावणारी लाँग प्ले तबकडी बाजारात आली १९४८ मध्ये. ब्लूज पियानोचे आज अभिजात मानले जाणारे अल्बम त्यानंतरचे आहेत. न्यू ऑर्लिन्सचे चॅम्पियन जॅक डुप्री यांचा ‘ब्लूज फ्रॉम द गटर’ १९५८ मध्ये ध्वनिमुद्रित झाला, ओटिस स्पॅन यांचा ‘ओटिस स्पॅन इज द ब्लूज’ १९६० मध्ये. डुप्री हे वेदरफोर्ड यांच्यापेक्षा काही वर्षांनीच लहान होते. वेदरफोर्ड हयात असते तर १९५८ मध्ये त्यांचे वय ५५ च्या आसपास असते.

कलकत्त्यात काय घडले?

दुसऱ्या महायुद्धात जपानी फौजा ब्रह्मदेशापर्यंत आल्या आणि कलकत्ता हे दोस्त राष्ट्रांचे मोठे तळ बनले. हजारो अमेरिकी सैनिक शहरात आले. चौरंगीवरील ग्रँड हॉटेलात वेदरफोर्ड यांचा बँड वाजू लागला. त्यात अमेरिकी, भारतीय, अँग्लो-इंडियन आणि ब्रह्मदेशातून आलेले असे सगळे वादक होते. अमेरिकी सेनादलाच्या नभोवाणीवरून त्यांचे कार्यक्रम प्रसारित होत. एवढ्या मिश्र बँडला मायदेशी एकत्र उभे राहणेही कठीण गेले असते.

याच बँडसोबत अमेरिकी व्यापारी जहाजावर काम करणारा एक तरुण गाऊ लागला. त्याचे नाव जिमी विदरस्पून. युद्धानंतर मायदेशी परतल्यावर तो ब्लूजचा अव्वल गायक ठरला. पण लोकांचे लक्ष त्याच्याकडे प्रथम गेले ते कलकत्त्यात, वेदरफोर्ड यांच्या पियानोच्या साथीने.

या वर्षांत वेदरफोर्ड यांनी कलकत्त्यात कोलंबियासाठी बऱ्याच तबकड्या केल्या. हेही वैशिष्ट्यपूर्ण होते. अमेरिकेत वादकांच्या संघटनेने ऑगस्ट १९४२ पासून ध्वनिमुद्रणावर बहिष्कार टाकला होता. सर्व मोठ्या कंपन्यांशी समझोता व्हायला १९४४ उजाडले. शिवाय तबकड्या ज्या लाखेपासून बनत, ती लाख प्रामुख्याने भारतातून जात असे. युद्धामुळे अमेरिकेत तिची टंचाई झाली. मायदेशातील स्टुडिओ शांत असताना कलकत्त्यात हा अमेरिकी पियानोवादक ध्वनिमुद्रण करत होता. पण ही गाणी होती नाचणाऱ्या सैनिकांच्या पसंतीची. बहुतेक बँडसह, गायक-गायिकांसह. एकट्या पियानोला, ब्लूजला त्यात फार जागा नव्हती.

हॉटेलच्या बाहेरचे शहर वेगळे होते. १९४३ च्या बंगालच्या दुष्काळात लाखो माणसे मेली. उपाशी कुटुंबे खेड्यांतून येऊन कलकत्त्याच्या फूटपाथवर पडत. दुष्काळापाठोपाठ साथी आल्या. एप्रिल १९४५ मध्ये कॉलऱ्याने वेदरफोर्ड यांना गाठले. युरोपातील युद्ध संपायला तेव्हा दोन आठवडे उरले होते.

मग नाव मागे का पडले?

याची कारणे तीन. पहिले, जॅझ आणि ब्लूजचा इतिहास लिहिला गेला तो मुख्यतः अमेरिकेतील तबकड्यांवरून. ज्या वर्षांत ही कला सर्वाधिक बदलली, त्या काळात वेदरफोर्ड तेथे नव्हते. दुसरे, त्यांच्या तबकड्या पॅरिस, मुंबई, कलकत्ता अशा विखुरलेल्या निघाल्या. एका जागी कुणाच्याच कपाटात त्या नव्हत्या. तिसरे, पन्नाशीच्या दशकात लाँग प्ले तबकड्या निघू लागल्या आणि संशोधक जुन्या पियानोवादकांना शोधून पुन्हा स्टुडिओत आणू लागले, तोवर ते हयात नव्हते. ज्या स्वातंत्र्यासाठी ते आशियात राहिले, त्याची ही किंमत होती.

मुंबईच्या संगीतात काय उरले?

‘ताज’मधील अमेरिकी बँडभोवती गोव्याचे तरुण वादक जमत. गोव्यातील चर्चच्या शाळांत त्यांनी पाश्चात्त्य स्वरलिपी आणि व्हायोलिन शिकलेले असे. मुंबईत ते धोबी तलाव, माझगाव, डोंगरी भागांतील गावकीच्या ‘कूड’मध्ये राहत. लिहिलेले संगीत ते बिनचूक वाजवत. पण लिहिलेल्याच्या पलीकडे जाऊन तिथल्या तिथे रचत जाणे, स्वर घसरवणे, लय किंचित मागे ओढणे हे कागदावर येत नाही. ते शेजारी बसूनच शिकावे लागते. कुडचड्याचे ट्रम्पेटवादक फ्रँक फर्नांड यांच्यासारखे अनेक जण असेच शिकले. पुढे फर्नांड हिंदी चित्रपटसंगीतात वाद्यवृंदाचे काम करू लागले आणि त्यांनी ‘आमचें नशीब’ (१९६३) आणि ‘निर्मोण’ (१९६६) हे कोकणी चित्रपट काढले.

त्याच पिढीतील हळदोण्याचे अँटोनियो झेवियर वाझ, म्हणजे चिक चॉकलेट, ‘ताज’च्या मंचावर स्वतःचा बँड घेऊन उभे राहिले. पुणतांब्यात जन्मलेले संगीतकार सी. रामचंद्र यांच्यासोबत त्यांनी काम केले. भगवानदादांच्या ‘अलबेला’ (१९५१) मधील पाश्चात्त्य वळणाच्या गाण्यांत मुंबईच्या हॉटेलांतील बँडचा ठसका आहे. दादर-परळच्या गिरणी कामगाराने वेदरफोर्ड हे नाव कधी ऐकले नसेल. पण तो ज्या ठेक्यावर थिएटरात नाचला, तो ठेका ज्यांनी मुंबईत आणला त्यांत वेदरफोर्ड होते.

कला तबकडीतून टिकते तशी माणसांतूनही टिकते, हे जव्हार-मोखाड्यात वेगळे सांगावे लागत नाही. वाळवलेला दुधी, बांबूच्या नळ्या आणि ताडाच्या पानांचा कर्णा यांपासून बनलेला तारपा इथे पिढ्यान् पिढ्या वाजतो आहे. तारपकरी मध्ये उभा राहतो, श्वास न तोडता वाजवतो आणि भोवती हातात हात गुंफून माणसे फेर धरतात. तो शिकायचा तर त्या फेरातच राहावे लागते. तारपकऱ्यांच्या किती पिढ्या कोणत्याही तबकडीवर न येता गेल्या, याची मोजदाद नाही. त्यांचे वादन मात्र पुढच्याच्या श्वासात उतरले. वेदरफोर्ड यांची पॅरिसमधील पियानोची तीन-तीन मिनिटे आज मोबाइलवर ऐकता येतात. ‘ताज’मधल्या त्यांच्या रात्री मात्र कुणी ध्वनिमुद्रित केल्या नाहीत. त्या गेल्या शेजारी बसलेल्या वादकांच्या कानांत, आणि तिथून हिंदी चित्रपटांच्या गाण्यांत.